वाढवलेला खडा

१

सकाळी सहाला पहिलं आधण चढायचं. आधण म्हणजे काहिलीत एका वेळी ओततात तेवढा उसाचा रस. काहील, म्हणजे रुंद पसरट कढई, वर आणि तिच्याखाली जमिनीत चुलवाण, म्हणजे मोठी चूल. चुलवाणाच्या तोंडाशी कंबरभर खड्डा असतो. त्यात बसून वाळलेली चिपाडं आत सारत राहायची, हे माझं काम. वरून पोपटमामा ओरडायचे, "म्हाळ्या, दे!" नाहीतर "म्हाळ्या, पुरे!" एवढ्या दोन शब्दांवर माझा दिवस जायचा आणि मला ते बरं वाटायचं. मी आठवीत शाळा सोडली. वर्गात उभं राहून उत्तर द्यायचं म्हटलं की घसा बंद व्हायचा, म्हणून सोडली.

गुऱ्हाळ केडगावपासून चार किलोमीटर आत. माझं गाव नदीपलीकडे, मांडवगण फराटा. आजोबांपर्यंत आमच्याकडे मेंढरं होती. वडील शेतीवर आले आणि मी जाळावर.

पोपटमामा गुळव्या होते. पाक कधी उतरवायचा हे गुळव्या ठरवतो, त्यामुळे गुऱ्हाळावर त्यांचा शब्द शेवटचा. ते माझ्या बायकोचे सख्खे मामा. लग्नही त्यांनीच जुळवलं आणि दोघांना कामालाही त्यांनीच आणलं.

बायकोचं नाव स्वप्नाली. उकळत्या रसावर काळा फेस येतो, त्याला मळी म्हणतात. ती मोठ्या झाऱ्याने मळी काढायची आणि काढता काढता बोलत राहायची. माझ्या वाटचंही तीच बोलायची. दुकानदाराशी, एसटीच्या कंडक्टरशी, माझ्या आईशीसुद्धा.

"आमच्या ह्यांच्या तोंडात ढेप हाय," ती सगळ्यांसमोर म्हणायची. "इरघळली की बोलतील. चार वर्सं झाली, मी वाट बघतीया."

लोक हसायचे. मीही खड्ड्यात खाली बघून हसायचो.

गुऱ्हाळामागे पत्र्याच्या सहा खोल्या होत्या. आमच्या शेजारच्या खोलीत चांदबी आणि तिची पाच वर्षांची नात सुमैया राहायच्या. चांदबीचा मुलगा फिरोज विहिरींवर सुरुंग लावायच्या कामाला, पंधरा-पंधरा दिवस बाहेर. सून दुसऱ्या बाळंतपणासाठी माहेरी गेलेली. त्यामुळे सुमैया दिवसभर स्वप्नालीच्या मागेमागे. थंडीत सकाळी तोंडातून वाफ निघाली की स्वप्नाली तिला म्हणायची, "बघ, चाचीच्या पोटात बी चुलवाण हाय."

सुमैया तिच्या तोंडासमोर हात धरून शेकायची.

२

डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात काहील उतू गेली. चूक माझी होती. उसाचा चरक चालू होता, मामा "पुरे" ओरडले आणि मी "दे" ऐकलं. दोन कवळ्या चिपाडं मी एकदम आत ढकलली. रस फुगून काठावर आला. स्वप्नाली झारा घेऊन तिथेच उभी होती.

तिच्या उजव्या हातावर मनगटापासून कोपरापर्यंत उकळता रस आला. ती ओरडलीच नाही. तोंड उघडं राहिलं आणि आवाज निघेना.

मामा गाडी काढायला धावले. तेवढ्यात चांदबी आली. तिच्या मुठीत एक खडा होता. तिने तो स्वप्नालीच्या हातावर ठेवला आणि मनगटापासून वर फिरवत नेला. स्वप्नालीने डोळे मिटले. मग उघडले आणि म्हणाली, "अगं बाई. गार."

लिंबाएवढा खडा होता. काचेसारखा चकचकीत नाही, पांढराही नाही. साखरेचं पाणी घट्ट करावं तसा. आत एक हिरवट रेघ होती. तिच्याकडे नीट बघायला गेलं की ती बाजूला असायची.

फिरोज आला तेव्हा त्याने मला सांगितलं, "कवठे येमाईला एका हिरीत साठ फुटावं दगडात पोकळी लागली, म्हाळूभाऊ. आत समदीकडं पांढऱ्या सुया. तसलं लई निघतं, लोक इकत्यात. पर ह्यो मधोमध व्हता. कशाला चिकटलेला न्हवता."

"खाली पडलेला?" मी विचारलं.

फिरोजने जरा विचार केला. "न्हाई," तो म्हणाला. "खाली बी न्हवता."

चांदबी त्या खड्याला नुसतं 'गार' म्हणायची. तिचे गुडघे दुखले की ती तो ठेवायची. पातेल्याशेजारी ठेवला की दूध उन्हाळ्यातही नासायचं नाही. विंचू चावलेल्या एका ऊसतोड्याची आग तिने त्याने उतरवली होती, शेळीचा ताप उतरवला होता.

"घडीभर ठेव बेटी, फिर निकाल दे," ती स्वप्नालीला म्हणाली. "मी बी घडीभरच ठेवते."

पण आग पुन्हा उठायची, म्हणून स्वप्नालीने तो चार दिवस हातावर बांधूनच ठेवला.

भाजल्याच्या दुसऱ्याच दिवशी आम्ही दवाखान्यात गेलो होतो. डॉक्टरांनी फडकं सोडलं, कातडी दाबून बघितली.

"हे कधी भाजलंय?"

"काल," मी म्हणालो.

"काल कसं? हा जुना व्रण आहे. वर्ष तरी झालं असेल."

बाहेर आल्यावर स्वप्नाली हसत सुटली. "डाक्टरला बी चकवलं मी. चला, मिसळ खाऊ घाला."

मीही हसलो. मला वाटलं, माझी चूक पुसली गेली.

३

नंतरच्या सोमवारी, पहिलं आधण चढताना, आम्ही पाच-सहा जण चुलवाणापाशी उभे होतो. चांगलीच थंडी होती. मामा बोलत होते, ट्रॅक्टरवाला जयसिंग तंबाखू मळता मळता बोलत होता, आणि बोलणाऱ्या प्रत्येकाच्या तोंडातून वाफ निघत होती. स्वप्नाली सगळ्यांपेक्षा जास्त बोलत होती.

तिच्या तोंडातून काहीच निघत नव्हतं.

मी म्हटलं, ती जाळाच्या उजेडात उभी आहे म्हणून दिसत नसेल. ती हलली, पलीकडे अंधाऱ्या भिंतीपाशी गेली. सुमैया तिच्यासमोर नेहमीप्रमाणे हात धरून उभी राहिली. मग सुमैयाने हात मागे घेतले आणि आपल्या फ्रॉकला पुसले.

मी स्वतःला समजावत राहिलो. माणसाच्या अंगात कमीजास्त असतं. भाजल्यावर रक्त कमी पडतं. ती पाणी कमी पीत असेल.

मग मी बघायला लागलो. ती चहाचा कप हातात घ्यायची आणि कपावरची वाफ बसायची, दिव्यावर हात धरला की ज्योत बसते तशी. तिने मळलेलं पीठ कडक व्हायचं. रात्रभर पांघरूण घेऊन झोपली तरी सकाळी गोधडीची तिची बाजू नुकत्याच वाळत घातलेल्या कपड्यासारखी लागायची.

"तुला थंडी वाजती का?" मी एकदा विचारलं.

"न्हाई. उलट बरं वाटतंय," ती म्हणाली. "कशाचीच आग व्हत न्हाई. तुम्ही मला जाळावर बसवलं तरी चालंल."

हे तिने हसण्यावारी म्हटलं होतं.

खडा आमच्याच कोनाड्यात होता. चांदबीने परत मागितला नव्हता. मी तो उचलला आणि परत ठेवला. आधी गारेसारखा असलेला तो खडा आता ऊन होता. उन्हात तापलेला दगड वरून तापतो, हा आतून ऊन होता, कोणीतरी मुठीतून आत्ताच सोडल्यासारखा.

४

पत्र्याच्या खोलीत सकाळी एक आवाज असतो. ऊन वर आलं की पत्रा तापतो आणि टक् टक् वाजत पूर्वेकडून पश्चिमेकडे सरकतो. सुट्टीच्या दिवशी मी तो पडून ऐकायचो. जानेवारीत माझ्या लक्षात आलं की आवाज सरकत येतो, स्वप्नालीच्या डोक्यावर थांबतो आणि पलीकडच्या भिंतीपाशी पुन्हा सुरू होतो. मधला पत्रा वाजत नाही. मी स्टुलावर चढून खिळे तपासले. मधला पत्रा घट्ट असेल तर वाजणार नाही, असं मला हवं होतं. तो सगळ्यात ढिला होता.

तिचं बोलणंही कमी झालं. एकदम नाही. आधी गोष्टी सांगताना ती शेवटचं वाक्य सोडायला लागली. मग मधली. लोकांना वाटलं, नवऱ्याचा गुण लागला.

मामा म्हणाले, "काय गं, सपने, भांडलीस का ह्या मुक्याशी?"

"भांडायला समोरचा नगं का?" ती म्हणाली. आधीची असती तर इथून पुढे अर्धा तास चालली असती. ती तेवढंच बोलून झाऱ्याकडे वळली.

एका दुपारी मी खोलीत आलो तेव्हा ती चुलीपुढे पाठमोरी बसून भाकरी करत होती. तव्यावरची भाकरी उतरवून निखाऱ्यांवर फुलवायला टाकली होती. भाकरी घसरून मागे गेली. चिमटा तिच्या गुडघ्यापाशी पडला होता. तिने तो उचलला नाही. तिने हात चुलीत घातला, मनगटापर्यंत, आणि सावकाश चाचपून भाकरी बाहेर काढली.

मी ओरडणार होतो. तेवढ्यात माझी नजर निखाऱ्यांवर गेली.

हात जिथून जिथून गेला होता तिथले निखारे काळे झाले होते. लाल निखाऱ्यांमध्ये पाच बोटांची काळी वाट पडली होती. ती वाट रुंद होत गेली आणि चूल विझली.

ती वळली. हात स्वच्छ होता. "आलात व्हय," ती म्हणाली. "चूल पेटत न्हाई नीट आजकाल."

५

मी मामांना सगळं सांगितलं. एवढं मी आयुष्यात कधी सलग बोललो नव्हतो, म्हणून त्यांनी मध्ये अडवलं नाही.

"खडा ऊन हाय म्हंतोस," ते शेवटी म्हणाले. "आन् पोर गार."

"व्हय."

"तिचं हाय ते त्यात गेलंय."

"मला बी तसंच वाटतंय. खडा फोडला तर—"

मामांनी चटकन माझ्या तोंडावर हात ठेवला. "फोडला म्हनू नये लेका. चांगल्या घरातला हाईस ना? वाढवायचा म्हनावं."

आम्ही सगळे असंच बोलतो. नारळ फोडत नाहीत, वाढवतात. बायका बांगडी फुटली म्हणत नाहीत, वाढवली म्हणतात. वाईट शब्द तोंडातून जाऊ नये म्हणून उलटा शब्द घालायचा. मला त्यात त्या दिवशी काहीच वावगं वाटलं नाही.

हंगामाचा पहिला जाळ घालताना चुलवाणाच्या डोक्यावर एका दगडावर नारळ वाढवतात. मामांनी खडा त्याच दगडावर ठेवला, हळदकुंकू लावलं. सकाळचे दहा वाजले होते. चरक बंद केला होता. ऊसतोडीची माणसं, ट्रॅक्टरवाले, खोल्यांमधल्या बायका, सगळे जमले. भाजलेला हात एका दिवसात बरा करणारा खडा सगळ्यांना ऐकून माहीत होता. स्वप्नाली आली नाही. ती खोलीत पीठ मळत होती.

"देवा, ह्यो खडा आमी वाढवतो," मामा मोठ्याने म्हणाले. "गोड मानून घे." आणि हातोडा घातला.

आवाज झाला नाही. हातोडा पिठात बसावा तसा बसला. मामांनी तो उचलला तेव्हा दगडावर तुकडे होते, सुपारीएवढे, गुळगुळीत. एकही उडून बाजूला पडला नव्हता. मामा ते ताटात भरायला लागले. ताट भरलं. दगडावर तरी होतेच. कोणीतरी घमेलं आणलं.

"मामा, लिंबाएवढाच व्हता ना?" जयसिंगने विचारलं.

मी मनात म्हटलं, ढेप अख्खी असते तेव्हा लहान दिसते, फोडली की पसारा होतो. मी हे मनात दोनदा म्हटलं. प्रत्येक तुकड्यात हिरवट रेघ होती, पूर्ण, पहिल्याएवढीच लांब.

मग मामांनी जे केलं ते कोणीही केलं असतं. नारळ वाढवला की त्याचे तुकडे हातावर देतात. घमेलं कमरेला लावून ते रांगेने निघाले आणि एकेकाच्या हातावर एकेक तुकडा ठेवत गेले. माणसं उजवा हात पुढे करून घेत होती, डोक्याला लावत होती. चांदबीने दोन्ही हातांची ओंजळ केली.

मला सांगायचं होतं, वाटू नका. मी अगदी समोर उभा होतो. सगळे माझ्याकडे बघतील, का म्हणून विचारतील, मग सांगावं लागेल. मी हात पुढे केला आणि माझा तुकडा घेतला.

६

खोलीत आलो तेव्हा स्वप्नाली परातीपुढे बसली होती. एक हात पिठात होता. डोळे उघडे, परातीच्या काठावर लावलेले. मी हाक मारली. तिच्यासमोर हात हलवला. पापणी लवली, पण माझ्या हातामुळे नाही. खूप वेळाने पुन्हा एकदा लवली. श्वास मोजायला बसलो तेव्हा दोन श्वासांच्या मध्ये बाहेरून एक अख्खा ट्रॅक्टर येऊन निघून गेला.

मी तिला भिंतीला टेकवून बसवलं. हातातलं पीठ पुसलं. तिच्या मनगटाला हात लावून मागे घेतला.

मग मला खिशातला तुकडा आठवला. मी तो काढला. ऊन होता. ही ऊब मला माहीत होती. एसटीत गर्दी असली की ती माझा हात धरायची, कोणाला दिसणार नाही असा, पिशवीखाली. त्या तळव्याची ऊब होती.

काय करतोय ते न कळता मी तो तुकडा तिच्या मनगटावर ठेवला. तो माझ्या बोटांखाली हळूहळू निवत गेला, पार गार झाला. आणि ती बोलली.

"तोंडात ढेप हाय," ती म्हणाली. तेवढंच. ना आधीचं, ना पुढचं.

मी तिथेच बसून रडलो. खडा उन्हातून घेतो आणि गाराला देतो. उकळता पाक वाफ्यात, म्हणजे निववायच्या उथळ हौदात, ओतला की पाक निवतो आणि वाफा तापतो, हे रोज बघणारा माणूस मी. अख्खा खडा ऊन होऊन कोनाड्यात बसला होता. तो नुसता तिच्या हातात द्यायचा होता. दोन महिने तो तिच्यापासून चार हातांवर होता.

आता ती घमेलंभर झाली होती आणि घरोघर गेली होती.

७

मी फिरायला लागलो. आधी खोल्यांमध्ये, मग ऊसतोड्यांच्या पाचटाच्या कोप्यांवर, मग सायकलने केडगावात. जन्मात बोललो नसेन इतकं त्या तीन दिवसांत बोललो.

"प्रसाद परत मागत्यात व्हय रे?" एक बाई म्हणाली. "कुठली रीत ही?"

"बायको आजारी हाय, मावशी."

"मग आमाला बी माणसं हायेत आजारी."

काहींनी दिला. काहींनी दार लावलं. सखूबाई म्हणून एक म्हातारी होती, तिने प्रसाद म्हणून गिळून टाकला होता. ती ओट्यावर उन्हात बसली होती आणि तिची सून तिला तिसरी गोधडी घालत होती. मी तिथे थांबलो नाही.

मिळाले तेवढे तुकडे मी जुन्या लुगड्याच्या पट्टीत शिवून स्वप्नालीच्या पोटाला बांधत गेलो. ती परत यायला लागली. एका तुकड्याने मान वळली. चार-पाच तुकड्यांनी ती उभी राहिली. तिने माझं नाव घेतलं, जे तिने एरवी कधी घेतलं नसतं. तिसऱ्या दिवशी तिच्या हातात चहाचा कप दिला आणि त्यावरची वाफ तशीच राहिली. मी तो कप थंड होईपर्यंत बघत बसलो.

जयसिंगचा तुकडा मी त्याच दुपारी आणला. दाढ ठणकत होती म्हणून त्याने तो दोन दिवस गालात धरला होता. "घेऊन जा," तो म्हणाला. त्याचं तोंड नीट हलत नव्हतं. "कसलीच चव लागंना झालीय."

तो बांधल्यावर स्वप्नालीने डावा तळवा पुढे केला आणि उजव्या अंगठ्याने त्यावर काहीतरी मळायला लागली. दोनदा थाप मारली. चिमूट केली, खालचा ओठ पुढे ओढला आणि चिमूट आत ठेवली. तळवा रिकामा होता. तिने आयुष्यात तंबाखूला हात लावला नव्हता.

मी दुसरीकडे बघितलं. मी स्वतःला सांगितलं की गुऱ्हाळावर दिवसभर बघून बघून सवय लागते.

ती ऊन होत होती. मी तेवढंच बघायचं ठरवलं.

८

चांदबीचा तुकडा मी शेवटी ठेवला होता. तिथे मागायला शब्द जुळवावे लागणार नव्हते.

चौथ्या दिवशी दुपारी तिच्या दारात गेलो. ती उंबऱ्यात बसून तांदूळ निवडत होती. तिने बोट ओठांवर ठेवलं.

"सोयी है," ती हळू आवाजात म्हणाली. "तीन दिन ताप होता बेटा, फणफणली होती. गार बांधली डोक्याला. घडीभर ठेवली की उतरायचा, काढली की चढायचा. मग काढलीच नाय. आता बघ कशी शांत झोपली."

सुमैया खाटेवर होती. डोक्याला हिरव्या ओढणीची पट्टी. चेहरा अगदी स्वच्छ, धुतल्यासारखा. डोळे पूर्ण मिटलेले नव्हते. मी वाकून तिच्या पावलाला हात लावला.

हात लावला तेव्हाच मला कळलं. ते कळलं नाही असं मी म्हणू शकत नाही.

ती गार होती आणि तुकडा ऊन; तो तिथेच राहिला असता, तर त्याने तिचं तिला परत दिलं असतं. मला रीत माहीत होती. गुऱ्हाळावर ती फक्त मलाच माहीत होती. चांदबीला एवढंच सांगायचं होतं की हे काढू नका, आता अजिबात काढू नका, असंच राहू द्या. एवढं वाक्य मला येत होतं. तीन दिवस मी दारोदार त्याहून लांब वाक्यं बोललो होतो.

"ताप उतरला ना मौसी," मी म्हणालो. "मग नेऊ का?"

"ले जा बेटा," चांदबी म्हणाली. "तुझ्या बायकोने माझ्या पोरीला लई जीव लावला. ले जा, तिला गुण येऊ दे." तिने स्वतः उठून पट्टी सोडली आणि तुकडा माझ्या हातावर ठेवला.

तो मी आजवर गोळा केलेल्या सगळ्या तुकड्यांपेक्षा ऊन होता. मी तो शर्टाच्या आत धरून आणला, वाटेत निवू नये म्हणून.

स्वप्नाली खाटेवर बसली होती. मी पट्टी सोडून तुकडा आत घातला, पुन्हा बांधली, पाठीमागे गाठ मारली. तिच्या गालांवर रंग चढत गेला. कपाळावर घामाचे बारीक थेंब आले. मी किती महिन्यांनी तिला घाम आलेला बघत होतो. तिने एकदा दीर्घ श्वास घेतला, खोली बघितली, पत्रा बघितला, मला बघितलं. डोळ्यांत पूर्ण जाग होती.

मग तिने गुडघे पोटाशी घेतले. खालचा ओठ थरथरला.

"दादी कुठं हाय?" तिने विचारलं.

आवाज तिचाच होता.

"मी हाय ना," मी म्हणालो. "मी म्हाळू."

तिने माझ्यापासून जरा सरकून भिंतीला पाठ लावली. "दादीकडं जायचं," ती म्हणाली आणि रडायला लागली. मोठी माणसं रडतात तशी नाही. तोंड उघडून, श्वास अडकवून.

भिंतीपलीकडे चांदबी हाक मारत होती. आधी हळू, लाडाने. "सुमैया. ऊठ बेटा, भात झाला." मग भांडं खाली ठेवल्याचा आवाज. खाट करकरली. "सुमैया. ए सुमैया." मग नाव पटापट, मध्ये श्वास न घेता.

मी स्वप्नालीच्या पाठीमागे हात घातला आणि गाठ धरली. एक टोक ओढलं की सुटली असती. पत्र्याची भिंत, बाहेरची दहा पावलं, चांदबीचं दार. मी गाठ धरून राहिलो. तिने रडता रडता चाचपून माझा दुसरा हात शोधला आणि घट्ट धरला, लहान मूल अंधारात कोणाचाही धरतं तसा.

हात ऊन होता.

मी गाठ सोडली नाही.